सव्वाचार माणसांच्या घरातून पाठवणी

शलाकाच्या पाठवणीत खरवंडीकरांच्या घरातून एक पूर्णांक दोन तृतीयांश माणसं वजा व्हायची होती, आणि घरात होती सव्वाचार.

मागणी रास्तच होती. नव्या मुलीला सासरी करमत नाही, म्हणून मुलगी एक आणि सोबत माहेरचं माणूस दोन तृतीयांश, असं निरगुडकरांनी बैठकीतच सांगितलं होतं. खरवंडीकरांकडे पद्माकर, त्यांची बायको मालती, थोरली बहीण विमलआत्या आणि शलाका ही चौघं अख्खी होती. शिवाय पाव हर्षद. हा शलाकाचा भाऊ. मस्कतच्या कंपनीने त्याचा पाऊण भागच नेला होता. उरलेला पाव घरी असे. जेवायचा थोडं, रुसायचा मात्र पूर्ण.

"हर्षदलाच पाठवू," पद्माकर म्हणाले.

नगरपालिकेचे वजाबाकी निरीक्षक गायधनी यांनी मान हलवली. "तुमचे चतुर्थांश, त्यांचे तृतीयांश. छेद समान केल्याशिवाय वजाबाकी होत नाही. दोघांचेही बारा करू."

"दुखेल का हो त्याला?" मालतीने विचारलं.

"नाही. आकडे वाढतात, माणूस तेवढंच राहतं."

हर्षद तीन छेद बारा झाला. त्याला फक्त जांभई आली. पण न्यायचे होते आठ छेद बारा.

"तिनातून आठ जात नाहीत," गायधनी म्हणाले. "एक अख्खं माणूस सुटं करावं लागेल."

मांडवात बसलेले पद्माकर उठले. "मला करा."

"तुम्ही बसा," मालती म्हणाली. "आचाऱ्याशी कोण बोलणार? मला करा."

"कुणी उठू नका." विमलआत्या पदर खोचून पुढे आली. "मला सुटं करा. मी या घरात जन्मले आणि अख्खी राहिले. पाहायला आले ते सगळे चहा पिऊन गेले."

शलाका रडायला लागली. "आत्या, नको गं."

"गप. सासर कसं असतं ते बघू दे मला एकदा."

आत्याचे बारा आणि हर्षदचे तीन असे पंधरा भाग झाले. त्यातले कुठलेही आठ चालतील, असं गायधनींनी सांगितलं. आत्याने दोन्ही गुडघे, खोकला आणि सोमवारचा उपास हर्षदपाशी ठेवला आणि बाकीची ती नवी साडी नेसून आली.

मोटारीपाशी विहीणबाईंनी अडवलं. "ठरलं होतं दोन तृतीयांश. हे आठ छेद बारा काय?"

"तेच आहे. वरखाली चाराने भागून घ्या," गायधनी म्हणाले.

विहीणबाईंनी तिथेच भागून पाहिलं आणि दार उघडलं. शलाका आईच्या गळ्यात पडून हुंदके देत होती. आत्या केव्हाच खिडकीशी जाऊन बसली होती.

संध्याकाळी घरात दोन पूर्णांक सात छेद बारा माणसं उरली. सात छेद बाराला किती वाढायचं, ते मालतीला कळेना.

"निम्म्याहून जास्त आहे," पद्माकर म्हणाले. "अख्खं ताट वाढ."

आठवड्याने आत्याचा फोन आला. आवाज तिकडेच गेला होता. निरगुडकर आमटीत गूळ घालत नाहीत, त्यावरून विहीणबाईंशी तिचं कडाक्याचं भांडण झालं होतं आणि दोघी बोलत नव्हत्या. आत्या अगदी खुशीत होती.

"वन्सं, परत कधी येताय?" मालतीने विचारलं.

"अगं," आत्या म्हणाली, "सासरची माणसं लगेच कुठे पाठवतात?"