शशिकांतरावांनी शशिकांतरावांस माघारी बोलाविले त्याची हकीकत

शके १९४७, विश्वावसु नाम संवत्सरे, भाद्रपदमासी आयर्लंड मुलुखी बेसबॉलाचे जे रण माजले, त्याची हकीकत साद्यंत लिहिली असे. काही पाहोन लिहिले, काही ऐकोन लिहिले; पदरचे घातले नाही, घातले तर थोडके.

राजश्री शशिकांतराव बेलसरे, मूळ वतन नागपूर, हल्ली मुक्काम डब्लिन, चेरीवूडचे कचेरीत सॉफ्टवेअरची चाकरी. त्यांस बेसबॉलाचा नाद जबर. लीग खालचे दर्जाची, तीत त्यांची पलटण सर्वांत खाली, आणि त्या पलटणीत खासे राव मैदानाचे शेवटचे टोकास, जेथे चेंडू सहसा फिरकत नसे, तेथे मोर्चा धरोन उभे. बॅट हाती येता ऐसी फिरवीत की वारा घाबरा होई. चेंडू मात्र सुखरूप मागे जाई. तथापि पाऊस असो, गारठा असो, राव हजर.

मग उजवा खांदा फितूर जाहला. एके दिवशी प्रेसातून, म्हणजे त्या मुलुखीचे कपाटातून, कुकर काढता राव कळवळले. कुटुंब सुलेखाबाई ब्युमॉन्टाचे इस्पितळी फिजिओथेरपीचे कामावर, त्यांणी खांदा दाबोन पाहिला आणि फर्माविले, "खेळणं बंद. तुला कुकर उचलवत नाही आणि चेंडू कसले फेकतोस!"

राव बहुत कष्टी जाहले. तेव्हा पलटणीचा कप्तान कॉनर याणे मॅनेजरकीची वस्त्रे, म्हणजे एक टोपी, देऊ केली. राव पुसते जाहले की आम्ही बाकावर बसावे काय? कॉनर "ग्रँड!" ऐसे वदला, जो शब्द तेथे हरएक प्रसंगी चालतो. राव बसले; परंतु राखीव गड्यांत आपले नाव तेवढे राहू दिले.

बाकावरोन रावांस प्रथमच सारे मैदान दिसो लागले. कोण चेंडूस भितो, कोण हरणासारखा पळतो, हे पाहोन त्यांणी ठाणी बदलिली, आणि नित्य हरणारी पलटण जिंकू लागली, आणि करंडकाचे अखेरचे लढाईस एनिस गावचे पलटणीसमोर उभी राहिली. इतकी वर्षे हात रिकामे. निम्मे गडी कंटाळोन खेळ सोडू म्हणत होते. हरता पलटण मोडणार, हे राव जाणोन होते.

शेवटची पाळी आली. धावा बरोबर. कॉनर तिसरे ठाणी उभा. तो घरी, म्हणजे बॅटधारी उभा राहतो त्या मूळ ठाणी, पोहोचता फत्ते. इतक्यात बॅटधारी गड्याचा पाय मुरगळला. राखीव दोघेच: खासे राव, आणि सांगलीची भार्गवी, जी यंदाच आली आणि जिच्या बॅटीस लढाईत चेंडू कधी लागला नव्हता. लोकांनी रावांचे नावे एकच गिल्ला केला. रावांणी बॅट उचलिली, छाती भरोन आली, खांदाही विसरले, आणि निम्मी वाट चालोन गेले.

तेथे पाहतात तो एनिसकर मोठा तडाखा येईल म्हणोन दूर मागे सरलेले, पुढील रान मोकळे. तेथे बॅट नुसती टेकवोन चेंडू हलकेच पाडावा, आणि हा डाव नेमका भार्गवीस सरावात साधे. रावांची बॅट तर नुसता वारा घाबरविणारी. मग मॅनेजर शशिकांतराव यांणी खेळाडू शशिकांतराव यांस माघारी फिरण्याचा हुकूम केला, आणि तो त्यांणी जड पायांनी मानिला.

भार्गवीस बॅट देऊन म्हणाले, "मारू नकोस. नुसती बॅट आडवी धर आणि पळत सूट."

"आणि नाही लागला तर?"

"तर मॅनेजर चुकला. तू नाही."

पहिला चेंडू हुकला. दुसरा बॅटीस टेकला, गवतात चार हात घरंगळला, आणि एनिसकर धावोन येईतो कॉनर चिखलात लोळण घेत घरी दाखल जाहला. एकच हलकल्लोळ! भार्गवी पहिल्या ठाण्यावर न थांबता तशीच पळत राहिली, तीस धरोन आणावे लागले. सुलेखाबाई रावांस म्हणाल्या, "रडतोयस?" राव म्हणाले, "खांदा दुखतोय गं."

येणेप्रमाणे करंडक डब्लिनास आला, पलटण राहिली. ते दिवशी शशिकांतराव यांणी एकही चेंडू मारिला नाही, ही त्यांची सर्वांत मोठी खेळी म्हणोन येथे नमूद केली असे.