मेलेल्यांचे चष्मे

मयताला गेलेला माणूस हात जोडतो, डोळे पुसतो, फार तर बाजूला जाऊन तंबाखू मळतो. आमचे भुजंगराव गुरुजी चष्मा मागत. सरण रचून झालं, आता अग्नी द्यायचा, एवढ्यात हे गर्दीतून पुढे होऊन म्हणत, "थांबा. अण्णांचा चष्मा काढा आधी."

आमच्याकडे म्हाताऱ्याचा चष्मा, काठी त्याच्याबरोबर सरणावर ठेवायची रीत. गुरुजी त्यावर पेटून उठत. "वर जाऊन पेपर वाचायलाय का त्यो? इथं पोरांना फळा दिसंना अन तुमी काचा जाळायलाव!" एकदा तर थोरला लेक हातातलं मडकं खाली ठेवून अंगावर धावून आला. गुरुजी दोन थपडा खाऊन, पण चष्मा घेऊनच परतले. गाव त्यांना गिधाड म्हणायचं. मीही म्हणायचो.

पालमजवळच्या ज्या शाळेत मी मास्तर होतो, तिथेच ते हस्तव्यवसाय शिकवत. सरणावरून आणलेल्या काठीला आडवी मूठ ठोकून पोलिओ झालेल्या पोराला कुबडी करून देत. चष्मे एका पत्र्याच्या पेटीत असत. फळा न दिसणाऱ्या पोराच्या नाकावर एकेक चढवून बघत. "मठ्ठ न्हाई वं ते, त्याला दिसंना," हे त्यांचं पालुपद.

मला या माणसाची भयंकर चीड यायची. खरं तर ती दुसरीकडे यायला हवी होती. मुलांचे डोळे तपासायला कुणाला तरी पाठवा, असा अर्ज आम्ही वर केला होता. सात महिन्यांनी उत्तर आलं, की ज्यांची दृष्टी अधू आहे अशा विद्यार्थ्यांची यादी आधी डोळे तपासून पाठवावी. गुरुजींनी तो कागद वाचला आणि एवढ्या शिव्या दिल्या की शिपाई उठून बाहेर गेला.

माझ्या चौथीच्या वर्गात सुंदरा नावाची मुलगी होती. पुस्तक नाकाला लावून वाचायची. मला वाटायचं, सोंग करते. फळ्यावरचं उतरवून घे म्हटलं की पाटी कोरी. मी तिला उभी करायचो, हातावर छडी द्यायचो. दसरा झाल्यावर तिचा बाप वर्गाच्या दारात आला. "मास्तर, उद्या मुकादमाची गाडी यायलीय. शिकायली असंल तर पोरीला चुलतीपाशी ठिवतो. न्हाई तर नेतो ऊस तोडायला."

"न्या," मी म्हणालो. "हिच्या डोक्यात काही शिरत नाही."

"बरं," तो म्हणाला. एका पोरीचं शिक्षण मी दोन वाक्यांत संपवलं. आजही आठवलं की स्वतःच्या मुस्काटात मारावीशी वाटते.

शेजारच्या वर्गातून गुरुजी तरातरा आले. "मास्तर, किती वर्सं झाली शिकवायला? बारा? बारा वर्सांत एकदा तरी शेवटच्या पट्टीवर बसून सोताचा फळा बघितला का?" पोरांदेखत! माझं डोकं फिरलं. पण ते माझ्याकडे बघतच नव्हते. बापाला त्यांनी हाताला धरून थांबवलं आणि पेटी उघडली.

एकेक चष्मा सुंदराच्या नाकावर चढत होता आणि ती म्हणत होती, "आणखीच धुरकट दिसायलंय, गुरुजी." सगळे म्हाताऱ्यांचे, जवळचं दाखवणारे चष्मे. तिला लांबचं दिसत नव्हतं. परभणीला दवाखान्यात न्यावं, तर विद्यापीठाच्या नामांतराच्या बंदमुळे दोन दिवस एस.टी. नव्हती, आणि गाडी उद्याच येणार होती. गुरुजींनी पेटी आपटली. सरकारला, एस.टी.ला, मला, एकालाही शिव्यांतून सोडलं नाही. मग एकाएकी वळले आणि घरी गेले.

परत आले ते हातात रुमालाची घडी घेऊन. आत बारीक दांड्यांचा, लांबचं दाखवणारा बायकी चष्मा होता. गावात तसा एकच होता, गुरुजींच्या मंडळींचा. वहिनींना जाऊन सहा वर्षं झाली होती. साऱ्या गावाच्या सरणावरून चष्मे ओढणाऱ्या या माणसानं स्वतःच्या घरचा तेवढा झाकून ठेवला होता! मला संताप आला, आणि संताप आल्याची लगेच लाजही वाटली.

चष्मा सैल होत होता. गुरुजींनी दोऱ्यानं तो सुंदराच्या डोक्यामागे बांधला. गाठ दोनदा सुटली. सुंदरा शेवटच्या पट्टीवर जाऊन बसली. फळ्याकडे बघून एकेक शब्द लावत म्हणाली, "गोदावरी... ही... महाराष्ट्रातली... मोठी नदी..."

"वाचती की ओ!" बाप म्हणाला. मग त्यानं माझ्याकडे बघितलं. "ठिवतो हिला चुलतीपाशी," तो गुरुजींना म्हणाला.

सुंदरा सगळीकडे मान फिरवत होती. छत, खिडकी, पोरांची तोंडं. मग दाराशी उभ्या असलेल्या गुरुजींवर तिची नजर थांबली.

"गुरुजी, तुमच्या मिशा पांढऱ्या हायत?"

पोरं खो खो हसली. गुरुजींनी मिशीवरून हात फिरवला आणि वहिनींच्या त्या काचांकडे बघत राहिले.

"व्हय," ते म्हणाले. "तिनं काळ्याच बघितल्या होत्या."