दोन तृतीयांशातून अर्धी विहीर

भानुदास अण्णाने मला माझ्याच पाण्यात फसवलं. शेवगावकडची आमची सामाईक विहीर, पाळी सहा दिवसांची. दोन तृतीयांश अण्णाची, म्हणजे चार दिवस. एक तृतीयांश माझी, दोन दिवस. माझा वाटा वडिलोपार्जित नाही. तीन महिने घासाघीस करून मी तो स्वतःच्या कमाईवर घेतलाय.

यंदा अण्णाने विधवा बहिणीला, कुसुमअक्काला, अर्धी विहीर लिहून दिली. तिचे तीन दिवस झाले, अण्णाला उरला एक. शेंबड्या पोराला कळेल, अण्णाला नाही. त्याच्या खिशात कायम कोळसा. पंपाच्या खोलीची भिंत असो की माझ्या टेम्पोचा फाळका, तो मांडणार: दोन छेद तीन वजा एक छेद दोन.

“वरच्यातून वरचं, खालच्यातून खालचं! दोनातून एक गेला, एक. तिनातून दोन गेले, एक. एकाखाली एक, म्हंजे अख्खी हीर माझीच उरती का न्हाई?”

“अण्णा, आधी छेद समान करायचे असतात!” मी पोरीचं पुस्तक त्याच्या नाकासमोर धरलं.

“पुस्तक पुन्यात छापलंय. तिकडं धरनं लई. त्यांना परवडतं समान करायला.”

आणि माझ्या दोन्ही दिवशी याची मोटार सुरू. अक्काच्या पाळीला मात्र हा विहिरीकडे फिरकत नाही. माझी कांद्याची रोपं पिवळी पडली, तेव्हा मी तडक अक्काच्या दारात जाऊन उभा राहिलो.

मी तोंड उघडायच्या आत तीच म्हणाली, “बरं झालं आलास, दादा. मी वाटा घेतच न्हवते. म्हनलं, अण्णाला काय राहील? तर त्यानं भितीवर मांडून दावलं, अख्खी राहती म्हनून. माझी पाळी सरली की त्याची मोटार ऐकते, तवा घास उतरतो. पुरतं ना रं त्याला?”

वीस वर्षं ऊसतोडीच्या टोळीचा मुकादम, मोळी न मोळीचा हिशेब ज्याला तोंडपाठ, तो माणूस एवढ्या वजाबाकीत का चुकतो, ते मला तिथे कळलं. खरं बोललो असतो तर बाईने त्याच दिवशी वाटा परत केला असता.

“पुरतं की,” मी म्हणालो आणि दात खात घरी आलो.

रोपं गेली ती गेलीच. पण अण्णा, बहिणीसाठी खोटं गणित तुम्ही मांडलंत, मग वजाबाकी माझ्या वाट्यातून का? या, आणि माझ्या वाळल्या वाफ्यात उभे राहून उत्तर द्या.