सांधाईच्या गावाचा पत्ता

आमच्या नंदनवन वस्तीतल्या लेआउटमध्ये कोणी गेलं, की तिरडी बांधून व्हायच्या आत शेजारचे तुळशीरामजी त्याचा पुढचा पत्ता सांगून मोकळे होत. स्वर्ग-नरक नाही, परतगाव. तिथली नदी सकाळी खाली वाहते, संध्याकाळी वर. सगळा कारभार सांधाईकडे. ही देवी कुठल्या पोथीत सापडायची नाही. ती तुळशीरामजींच्या घरचीच.

घर पिढीजात विणकरांचं. पुढच्या खोलीत हातमाग. मागावरचं लुगडं पुरं झालं, तरी विणकर उभे धागे मुळापासून कापत नाही. हातभर टोकं मागावर ठेवतो आणि नव्या लुगड्याचा एकेक धागा त्या जुन्या टोकांना पीळ देऊन सांधतो. तुळशीरामजींची अख्खी देवी यातून निघाली होती.

"काळ बी तसाच हाये, भाऊ. माणूस उतरते, टोक राह्यते. सांधाई त्याले नवा धागा जोडते."

मीटर वाचायला येणारे वानखेडे गेले, तेव्हा सांधाईने त्यांना परतगावचं कोतवाल केलं. बागेचा कोपरा गिळून गाडीसाठी शेड बांधणारे आमचे सेक्रेटरी गेले. तुळशीरामजी स्मशानातच म्हणाले, "त्याचं बाकडं केलं तिनं. सारे बसून राहिले त्याच्यावर." माझी आई जन्मभर टँकरच्या रांगेत घुसली. तिला परतगावच्या पाणवठ्यावर रांग लावायला नेमलं.

लोक हसत. काहीजण मोबाइलवर त्यांचे व्हिडिओ काढत आणि तेच लोक तेराव्याला पुढच्या पंगतीत बसत. मीही हसायचो. निवृत्त माणसाला फुकटची करमणूक सोडवत नाही. फक्त एकच पत्ता त्यांनी कधी सांगितला नाही. त्यांची बायको, रुक्माबाई, चार वर्षांपूर्वी गेली. मी मुद्दाम चारचौघांत विचारायचो, "तुळशीरामजी, वहिनी कुठं आहेत?"

"तिचं अजून सांधणं व्हाचं हाये," एवढंच म्हणत.

रुक्माबाईंनी आडव्या धाग्याच्या कांड्या भरून दिलेलं शेवटचं लुगडं तेव्हापासून मागावर होतं. वीतभर विणायचं बाकी. ते तुळशीरामजींनी पुरं केलं नाही, उतरवलंही नाही. रोज फडक्याने धूळ मात्र झटकायचे.

त्यांचा मुलगा प्रमोद शोरूममध्ये नोकरीला. गेल्या महिन्यात मुलीकडचे लोक घर बघायला येणार होते आणि पुढच्या खोलीत माग बघून ते काय म्हणतील याची त्याला धास्ती. तिथं सोफा हवा होता. तुळशीरामजी एका नातलगाच्या तेरवीला पारशिवनीला गेले, ती संधी साधून त्याने माग मोडून टेम्पोत घातला. टेम्पोवाला मीच बघून दिला होता. लेआउट जरा सुधारेल असंही वर म्हणालो होतो.

प्रमोद वाईट नाही. त्याने लुगडं नीट उतरवलं, इस्त्री करून आणलं, पिशवीत घालून बापाच्या हातात दिलं. फक्त धागे त्याने कात्रीने कडेला लागून कापले होते. मागाच्या खटखटीत वाढलेला पोरगा, पण त्याला कोणी शिकवलंच नव्हतं. मागावर उरलेली टोकं लाकडासोबत गेली.

तुळशीरामजी लुगड्याच्या कडेवरून बोट फिरवत म्हणाले, "टोकं तं ठेवाची होती गा."

आठवड्याने समोरच्या पाटीलबाई गेल्या. आम्ही सारे पत्त्याची वाट बघत होतो. तुळशीरामजी म्हणाले, "मले नाही माहीत." कोणीतरी हिरमुसून मोबाइल खिशात घातला. मला पहिल्यांदा आमची सगळ्यांची किळस आली, माझी सगळ्यात जास्त.

दुपारी त्यांच्याकडे गेलो. ते नव्या सोफ्याला टेकून, फरशीवर बसले होते. मांडीवर लुगडं. बाण्याचा आडवा धागा सुईने उचलून ते एकेक ओळ उसवत होते. चारेक बोटं उसवून झाली होती आणि तेवढे उभे धागे कडेला मोकळे लोंबत होते.

"हे काय करताय?"

"टोकं काढून राहिलो. मी गेल्यावर सांधाई मले कशाले जोडंल? रुक्माच्या टोकालेच नं."

"पण एवढं चांगलं लुगडं..."

"सांधाई तिनंच काढली होती, भाऊ. आमची पयली पोरगी गेली तवा. धागे सांधता सांधता मले सांगे." त्यांनी आणखी एक ओळ उपसली. "मंग रुक्मा गेली. तिकडं तिले कोण हाये? म्हणून एकेक मानूस पाठवत गेलो. वानखेडे, तुमची आई. तिचं आन् तुमच्या आईचं टँकरवर भांडण होतं, पण ओळखीची तं हाये. एकटीले करमलं नसतं तिले."

म्हणजे इतकी वर्षं आम्ही ज्याला हसलो, ते बायकोला सोबत धाडणं होतं.

आतून प्रमोदचा आवाज आला, "बाबा, काहून खराब करून राहिले ते?" मी खाली बसलो आणि उसवलेला धागा बोटांवर गुंडाळायला घेतला. मग माझ्याच्याने राहवलं नाही.

"तुळशीरामजी, मला कुठं पाठवाल?"

त्यांनी सुईने पुढची ओळ उचलली.

"तुमचं पाहू," ते म्हणाले. "तुमी लय हासले, भाऊ."