देणे नाही

"ताई, अप्पांना द्यायला भेट मिळाली," लग्नाला आठ दिवस राहिले असताना वैष्णवीनं फोनवर सांगितलं, आणि वर हसून म्हणाली, "कपाटात जाणारच नाही अशी."

दुर्गानं फोन ठेवला आणि तिच्या पोटात दुखायला लागलं. ओवा खाऊन थांबावं असं ते दुखणं नव्हतं. धाकट्या बहिणीचं लग्न ठरल्याचा तिला आनंद होता, नवरामुलगाही तिला पसंत होता. पण लग्नात मुलीनं बापाला भेट द्यायची ही पद्धत त्यांच्या घरात मुळात दुर्गानं सुरू केली होती, आणि ती आता वैष्णवीच्या नावावर जाणार होती.

अप्पांना भेट देणं सोपं नव्हतं. काय आणू म्हणून विचारलं की "मला काय लागतंय?" एवढंच ते म्हणत, आणि खरोखरच त्यांना काही लागत नसे. दोन शर्ट, एक छत्री आणि सकाळचा पेपर यांवर त्यांचं वर्ष निघे. आणलेली वस्तू हातात घेऊन ते "कशाला खर्च केलास" म्हणत आणि ती शुक्रवार पेठेतल्या घरातल्या लोखंडी कपाटात जाई. तिथं ती जुन्या कॅलेंडरच्या कोऱ्या बाजूनं गुंडाळली जाई, वर देणाऱ्याच्या नावाची चिठ्ठी खळीनं चिकटवली जाई, आणि पुढं कुणाच्या तरी लग्नात आहेर म्हणून बाहेर पडे. चिठ्ठी एवढ्यासाठी, की ज्याची वस्तू त्यालाच परत जाऊ नये. अप्पांनी तीस वर्षं सरकारी कचेरीच्या रेकॉर्ड रूममध्ये काढली होती. या कामात त्यांची एकदाही चूक झाली नव्हती.

नऊ वर्षांपूर्वी आपल्या लग्नात दुर्गानं त्यांना मनगटी घड्याळ दिलं होतं. अप्पा येताजाता ज्याला त्याला "किती वाजले?" म्हणून विचारत, म्हणून तिनं पंधरा दिवस दुकानं पालथी घालून ते निवडलं होतं. ते घड्याळ त्यांच्या मनगटावर तिनं एकदाही पाहिलं नाही. अप्पा अजूनही "किती वाजले?" विचारत, आणि दर वेळी दुर्गाला कुणीतरी चिमटा काढल्यासारखं होई. ते कुठल्या भाच्या-पुतण्याच्या लग्नात गेलं असेल, हे विचारायचा तिला धीर झाला नव्हता.

त्यातून वैष्णवीनं आधी तिलाच विचारलं होतं, ताई, अप्पांना काय देऊ म्हणून. "काहीही दे, कपाटातच जाणार," असं दुर्गानं सांगितलं होतं. आता त्याचंच उत्तर मिळालं होतं.

दोन दिवसांनी घरचे सगळे देवीपुढं पत्रिका ठेवायला तुळजापूरला गेले. घर राखायला दुर्गा थांबली. ती स्वतःहून जुळे सोलापुरातून स्कूटरवर आली, तेव्हाच आईला जरा नवल वाटलं होतं. घरात कुलूप लागणारी जागा एकच, तेव्हा वैष्णवीनं भेट तिथंच लपवली असणार, असा दुर्गाचा हिशोब होता. देवघरामागची किल्ली तिला ठाऊक होती. तिला फक्त बघायचं होतं, निदान तसं तिनं स्वतःला सांगितलं.

कपाटात वीस-बावीस पुडकी होती आणि सगळी एकसारखी पांढरी. तिनं ती एकेक करून जमिनीवर मांडली. एप्रिलचा महिना, अंगाला धारा लागल्या, म्हणून तिनं पंखा पाचावर केला. खळ वाळून खडखडीत झालेली. भराभर सगळ्या चिठ्ठ्या सुटल्या आणि खोलीभर उडाल्या.

पंखा बंद करून तिनं कॉटखालून, देवघरातून, आईच्या शिवणयंत्रामागून चिठ्ठ्या गोळा केल्या. सोनाबाई आत्या, चनबसप्पा काका, प्रभुलिंग मास्तर अशी सगळ्यांची नावं होती. दुर्गाचं नाव कुठंच नव्हतं. म्हणजे घड्याळ कधीच गेलं होतं. आणि एका चिठ्ठीवर नाव नव्हतं, नुसतं लाल शाईनं लिहिलं होतं, 'देणे नाही'. खाली दोन रेघा ओढल्या होत्या.

दुर्गानं ती चिठ्ठी पुन्हा एकदा वाचली. म्हणजे वैष्णवीनं भेट आधीच दाखवली होती, आणि अप्पांना ती एवढी आवडली की त्यांनी लाल शाईचं पेन काढलं. आपली वस्तू आहेरात, आणि हिची जपून. मत्सरानं तिचे कान तापले. तिनं डब्यातली भाताची शितं घेऊन बाकीच्या चिठ्ठ्या अंदाजानं चिकटवून टाकल्या आणि शेवटी बिनचिठ्ठीच्या उरलेल्या पुडक्याला नव्या कागदावर कुठलंसं नाव लिहून लावलं. लाल चिठ्ठी तिनं पर्समध्ये टाकली. जाऊ दे ती भेटही कुणाच्या तरी घरी, असं तिला वाटलं, आणि वाटून बरंही वाटलं.

लग्नाच्या दिवशी कार्यालयाच्या दारात टेम्पो उभा राहिला आणि चौघांनी त्यातून लाल फीत बांधलेलं नवंकोरं लोखंडी कपाट उतरवलं.

"अप्पा, हे मात्र कपाटात जात नाही," वैष्णवी शालू सावरत म्हणाली.

सगळं कार्यालय हसलं. अप्पांनी दार उघडलं, कप्पे मोजले, आतून हात फिरवला. "दोन कप्पे जास्त आहेत," ते म्हणाले आणि त्यांनी डोळे पुसले. कशाला खर्च केलास, हे वाक्य त्यांच्या तोंडून आलंच नाही. दुर्गाला त्या क्षणी ते कपाट, टेम्पो आणि आपली बहीण या तिन्ही गोष्टी नकोशा झाल्या. मग ती लाल चिठ्ठी कशावरची होती, हा प्रश्न तिला पडला खरा, पण तेवढ्यात मंगलाष्टकं सुरू झाली.

संध्याकाळी आईनं चिठ्ठ्या वाचून वाचून आहेर वाटले. दुसऱ्या दिवशी सकाळीच सोनाबाई आत्याचा दुर्गाला फोन आला. तिला मिळालेल्या स्टीलच्या डब्यावर तिचंच नाव कोरलेलं होतं.

"माजा डबा मलाच? तुज्या बापाला इसरायची सवय न्हवती की गं," आत्या म्हणाली. "त्येला जरा डागदराला दाखवा."

चनबसप्पा काकांकडे त्यांचाच लेमन सेट पोचल्याचंही तिच्याकडून कळलं. दुर्गा "हो आत्या, हो आत्या" करत होती, आणि समोर तिचा नवरा आशिष आपलं पुडकं फोडत होता.

"वा, घड्याळ," तो म्हणाला. "मला पाहिजेच होतं."

खोक्यातलं गॅरंटी कार्ड दुर्गाच्या अक्षरात भरलेलं होतं. तिनं आत्याचा फोन अर्ध्यात ठेवला. नऊ वर्षं कपाटात ठेवलं, नावाची चिठ्ठीसुद्धा लावली नाही, आणि शेवटी तिच्याच नवऱ्याला देऊन टाकलं. आशिष मनगटावर पट्टा लावत होता. तिनं ते ओढून घेतलं, खोक्यात घातलं, खोकं पर्समध्ये कोंबलं, आणि आज अप्पांना काय ते विचारायचंच, असं ठरवून स्कूटर काढली.

शुक्रवार पेठेत अप्पा दोन कपाटांच्या मधे पुडक्यांचा पसारा मांडून बसले होते. मांडवपरतणीला आलेली वैष्णवी त्यांना मदत करत होती. अप्पांचा चेहरा पार उतरला होता.

"दुर्गे, बरं झालं आलीस," ते म्हणाले. "तुझं घड्याळ सापडंना."

"आहेरात दिलं असेल," दुर्गा टोचून म्हणाली.

"ते कसं देईन? लाल शाईनं लिहून ठेवलं होतं की त्याच्यावर. देणे नाही म्हणून. बाकी सगळं कुणाचं काय ते लक्षात राहत नाही, म्हणून नावं. तुझ्यावर नाव कशाला घालायचं?"

दुर्गाला पर्स एकाएकी फार जड वाटायला लागली.

"मग घालत का नव्हता?"

"रोज घातलं तर जुनं होईल की. वेळ काय, कुणी पण सांगतंय. दिवाळीला काढतो, पुसतो, परत ठेवतो."

दुर्गा जुन्या कपाटाच्या खालच्या कप्प्यात वाकली, बराच वेळ खुडबुडली आणि खोकं घेऊन वर आली. "हे काय, मागं पडलं होतं. चिठ्ठी पण इथंच होती."

"आणि कागद?"

"उंदरांनी खाल्ला असेल."

अप्पांनी खोकं उलटसुलट करून पाहिलं. उंदरांनी कागद तेवढा खाऊन खोक्याला दात लावला नव्हता. चिठ्ठीच्या मागं पर्समधल्या बडीशेपेचे चार दाणे चिकटले होते. अप्पांनी चष्म्यावरून थोरल्या लेकीकडे पाहिलं, दाणे झटकले आणि म्हणाले, "लई उंदीर झालेत."

मग त्यांनी चिठ्ठी पुन्हा चिकटवली आणि खोकं नव्या कपाटाच्या सगळ्यांत वरच्या कप्प्यात ठेवलं. वैष्णवीनं टाचा उंचावून चिठ्ठी वाचली. तिचा नवरा शेजारच्या खोलीत बसलाय, हेसुद्धा ती विसरली.

"ताईच्या घड्याळावर 'देणे नाही', आणि माझ्या कपाटावर काहीच नाही?"

"अगं, कपाट कोण आहेरात देतंय?"

"तरी पण," वैष्णवी गाल फुगवून म्हणाली. "लाल शाईनंच पाहिजे."

अप्पांनी पेन शोधलं, लिहिलं आणि कपाटाच्या दारावर आतून चिठ्ठी लावली. दुर्गानं जवळ जाऊन पाहिली. अक्षरं तिच्या चिठ्ठीपेक्षा चांगली मोठी होती. पण खाली रेघ एकच होती.

ती चहा टाकायला आत गेली.