आकारामआण्णांची चौथी रेकॉर्ड

मुंबईहून फोन आला तेव्हा आकारामआण्णा पवार गोठ्यात म्हशीला उसाचं वाडं घालत होते. फोन त्यांच्या पत्नी बनुबाईंनी घेतला, दोन मिनिटं ऐकला आणि पदराखाली झाकून त्या दारातूनच म्हणाल्या, "कोणतर रेकॉर्डवाली बाई हाय. लग्नाबिग्नात लावायच्या रेकॉर्डी आमच्यात न्हाईत म्हणून सांगितलं, तरी ठेवंना झालीया."

आण्णांच्या हातातली वाड्याची पेंढी तशीच राहिली. अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी माणूस जितक्या चपळाईनं येऊ शकतो त्याहून थोड्या जास्त चपळाईनं ते आले आणि त्यांनी फोन कानाला लावला.

पलूसजवळच्या त्या गावात आण्णांची ओळख 'मुंबईला हाटेलात होते ते' एवढीच होती. हाटेलात होते म्हणजे आचारी असणार, असं गावानं परस्पर ठरवून टाकलं होतं. त्यामुळे कुणाच्या घरी कार्य निघालं की मसालेभातात मीठ बरोबर आहे का ते बघायला आण्णांना आधी बोलावणं यायचं. आण्णांनी सुरुवातीला दोन-चार वर्षं खुलासा केला. आपण पलटणीच्या बँडात होतो, तिथं वाजवायला शिकलो, तिथून सुटल्यावर मुंबईच्या मोठ्या हॉटेलात जाझ वाजवणाऱ्या मंडळींत अकरा वर्षं ऑर्गन वाजवला, असं ते सांगायचे. लोक ऐकून घ्यायचे आणि विचारायचे, "व्हय, पन भाताचं काय?" शेवटी आण्णांनी नाद सोडला आणि मीठ बघायला लागले.

खरं दुःख मात्र मिठाचं नव्हतं. आण्णांनी मुंबईत तीन रेकॉर्डींवर ऑर्गन वाजवला होता, आणि तिन्हींवर त्यांचं नाव नव्हतं. पहिल्या रेकॉर्डवर बाकी सगळ्यांची नावं छापून शेवटी 'आणि साथीदार' असं लिहिलं होतं. साथीदार एकटे आण्णाच होते. दुसऱ्या रेकॉर्डच्या पुठ्ठ्यावर सगळ्या मंडळींचा फोटो होता, त्यात आण्णा एका शोभेच्या झाडामागे आले आणि त्यांचं फक्त डावं कोपर तेवढं अमर झालं. तिसऱ्यावर ऑर्गनवादक म्हणून ड्रमवाल्याचं नाव पडलं, आणि ड्रमवाल्यानं त्याबद्दल लोकांचे नमस्कारही घेतले. पुढं हॉटेलांत कॅसेटी लागल्या, वाजवणाऱ्यांची गरज सरली आणि आण्णा गावी येऊन ऊस लावू लागले. तरी पन्नास वर्षांत एक दिवस असा गेला नसेल की त्यांनी मनातल्या मनात त्या तीन पुठ्ठ्यांवर आपलं नाव छापून पाहिलं नाही.

फोनवर वल्लरी नावाची मुलगी होती. मूळची वाईची, आता मुंबईच्या एका छोट्या रेकॉर्ड कंपनीत होती. जुनं जाझ नव्यानं काढायचं चाललं होतं आणि स्टुडिओच्या हजेरीच्या वहीत तिला मराठीत एक सही सापडली होती: आकाराम. पण बंगळुरात एक गृहस्थ निघाले होते, ते म्हणत होते की तो ऑर्गन माझाच. तेव्हा मालकांचं म्हणणं असं, की दोघांकडूनही वाजवून घ्यायचं, ज्याचा हात जुन्या रेकॉर्डशी जुळेल त्याचं नाव छापायचं, आणि त्याचं नवं वादनही रेकॉर्डच्या शेवटी घालायचं. वल्लरी गुरुवारी सकाळी येणार होती. दुपारी एकला तिला बंगळुराकडे निघायचं होतं. अडचण एवढीच होती, की ऑर्गनची सोय होईल का?

आण्णा काही बोलायच्या आत पुतण्या जयराजनं फोन हातातून घेतला. जयराजचा मंडपाचा धंदा होता, आणि जगात अशी कुठलीच गोष्ट नाही की जी भाड्यानं मिळत नाही, अशी त्याची श्रद्धा होती. "म्याडम, तुमी निवांत या," तो म्हणाला. "सांगलीत ऑर्गनला काय तोटा हाय व्हय?"

हे त्याचं बोलणं अक्षरशः खरं होतं, आणि घोटाळा तिथंच झाला. संगीत नाटकांवर जीव टाकणाऱ्या सांगलीत ऑर्गन म्हटलं की एकच वस्तू डोळ्यांपुढे येते. लाकडी, अंगानं भारदस्त, खाली दोन पायडलं, ती पायांनी आळीपाळीनं दाबायची, की भात्यात हवा भरते आणि सूर निघतो. आण्णांचा ऑर्गन विजेवर चालणारा. त्याला हवा भरायची गरज नाही. त्याच्या पायाशी पट्ट्यांची आणखी एक रांग असते, आणि वाजवणारा हातांनी गाणं वाजवत असताना पायांनी त्या पट्ट्यांवर खर्ज वाजवत फिरतो. नाव एक, पण पायांचं काम अगदी वेगळं.

गुरुवारी सकाळी सगळे सांगलीत चिंतामणरावांच्या दिवाणखान्यात जमले. चिंतामणराव निवृत्त मुख्याध्यापक होते आणि ऑर्गन त्यांच्या वडिलांचा होता. तो घराबाहेर न्यायला त्यांची सक्त मनाई होती, वाजवायला मात्र नव्हती. बनुबाई आल्या होत्या त्या गणपतीचं दर्शन होईल म्हणून. वल्लरीनं माईक मांडले. आण्णांनी ऑर्गनकडे पाहिलं, मग खाली वाकून पायडलांकडे पाहिलं, आणि ते बराच वेळ वाकलेलेच राहिले.

"जयराज," ते हळूच म्हणाले, "ह्यो त्यो न्हवं."

"आवं ऑर्गनच हाय की," जयराज म्हणाला. "इचारून आनलंय मी तुमाला."

वल्लरीचा चेहरा उतरला. पण विजेचा ऑर्गन कुठून आणायचा? घड्याळात दहा वाजले होते. हात तरी कळेल, असं म्हणून तिनं यंत्र सुरू केलं आणि आण्णा बसले.

हात खरोखरच बसले. पहिल्याच ओळीला चिंतामणरावांच्या भुवया वर गेल्या. पण दुसऱ्या ओळीला आण्णांचे पाय जुन्या सवयीनं फिरायला निघाले. टाच, चवडा, टाच, चवडा, मध्येच डावा पाय उजव्याच्या पलीकडे. भात्याला काही कळेना. एकदा हवा मिळे, तीनदा मिळेना. ऑर्गन दमेकऱ्यासारखा धापा टाकू लागला आणि शेवटी एक लांब सुस्कारा सोडून गप्प झाला.

"अहो, नाचताय काय? पाय सारखे पडू द्या," चिंतामणराव म्हणाले.

आण्णांनी पाय सारखे टाकून पाहिले. पण त्यांचे हात नि पाय पन्नास वर्षं एका संसारात नांदलेले. पाय शहाण्यासारखे चालायला लागले की हात वेड्यासारखे थांबत. मग जयराज पुढे झाला. तो खाली बसून दोन्ही हातांनी पायडलं दाबू लागला, सायकलच्या ट्यूबमध्ये हवा मारावी तशी, आणि ऑर्गन असा काही गरजला की खिडकीत बसलेली मांजर उठून गेली. त्याला बाजूला करून चिंतामणराव स्वतः बसले. त्यांचे पाय उत्तम चालले. पण ते रसिक माणूस. एखादी जागा आवडली की ते पाय थांबवून "वा" म्हणायचे आणि नेमकी ती जागाच बंद पडायची. आण्णा जितकं चांगलं वाजवत, तितका ऑर्गन जास्त वेळा मरत होता.

साडेअकरा झाले. वल्लरी पुन्हापुन्हा घड्याळाकडे बघत होती. आण्णा पट्ट्यांवरून हात काढून मांडीवर ठेवून बसले. बंगळूरच्या माणसाकडे खरा ऑर्गन असणार हे त्यांना दिसत होतं. ते जयराजला रागावलेही नाहीत. "ऱ्हाऊ दे, पोरी," ते वल्लरीला म्हणाले. "तीन गेल्या, ही बी गेली."

तोपर्यंत बनुबाई कोपऱ्यात बसून सगळं बघत होत्या. आण्णा मुंबईत होते ती अकरा वर्षं बनुबाईंनी गावात शिलाईच्या मशीनवर काढली होती, आणि नंतरची चाळीसही सोडली नव्हती. निम्म्या तालुक्याची झंपरं त्यांच्या पायांखालून गेली होती. त्या उठल्या, पदर खोचला आणि चिंतामणरावांना म्हणाल्या, "सरका जरा, गुरुजी."

चिंतामणराव सरकले. बाकाच्या अर्ध्यावर बनुबाई बसल्या, अर्ध्यावर आण्णा. लग्नात एका पाटावर बसवलं होतं त्यानंतर इतक्या जवळ ते चारचौघांत बसले नव्हते. बनुबाईंनी पायडलं दोनदा चाचपून पाहिली, मशीनपेक्षा जड आहेत असा अभिप्राय दिला आणि पाय सुरू केले. एका लयीत, न घाई, न हिसका. भाता भरला आणि भरलेलाच राहिला. "आता तुमी तुमचं चालू द्या," त्या म्हणाल्या. "पन माझ्या पायावर पाय देऊ नगासा." मग काहीतरी आठवून त्यांनी चिंतामणरावांकडे जेवणाचा एक पाट मागितला आणि तो आण्णांच्या पायांखाली सरकवला. नाचायचं ते तिथं नाचा, असा त्याचा अर्थ होता.

आणि आण्णा वाजवू लागले. हात मोकळे सुटले, पाय पाटावर ठोके देत फिरले, आणि तो घरच्या आरतीला आणि नाटकाच्या नांदीला सरावलेला ऑर्गन अचानक मुंबईच्या त्या हॉटेलातलं बोलू लागला. आण्णांना मंद दिवे दिसले, पांढरे कोट दिसले, ड्रमवाला मान हलवताना दिसला. त्याच्यावरचा पन्नास वर्षांचा राग कुठं गेला ते त्यांना समजलं नाही. आपण हे सोडून ऊस का लावत बसलो, असं वाटून त्यांना भरून आलं, आणि शेजारी न चुकता चालणारे पाय पाहून ऊस लावला ते बरंच झालं, असंही वाटलं. चिंतामणरावांनी "वा" म्हणायचं तोंडावर रुमाल धरून टाळलं.

वादन संपलं. वल्लरीनं डोळे पुसले आणि यंत्र बंद न करता म्हणाली, "आजी, आता एकच. वाजवणारा कोण, ते दुसऱ्या कुणीतरी टेपवर सांगायचं आहे. तुम्ही शेजारी होतात. यांचं नाव सांगा."

बनुबाईंनी पदर सारखा केला. वल्लरीनं पुन्हा विचारलं. बनुबाईंनी जयराजकडे पाहिलं, जयराज छताकडे बघू लागला.

"काकी नाव घेत न्हाईत," तो शेवटी म्हणाला. "ल्हानपनापास्नं मी बी ऐकल्यालं न्हाई. 'आवं' म्हणतात, न्हाईतर 'घरातली मानसं' म्हणतात."

वल्लरी हबकली. कंपनीला नाव लागणार, आणि ते शेजारी बसलेल्या माणसानंच सांगावं, असं तिचं म्हणणं होतं. बनुबाईंचं म्हणणं होतं की पन्नास वर्षांत जे तोंडातून निघालं नाही, ते आता यंत्रात कशाला घालायचं. एक वाजायला दहा मिनिटं होती. तोडगा काढला तो चिंतामणरावांनी. ते म्हणाले, "अहो, नुसतं नाही तर नाही, उखाण्यात घ्या. उखाण्यात घ्यायला कुणाची ना आहे?"

बनुबाईंनी लग्नानंतर उखाणा घेतला नव्हता. त्यांनी मान खाली घातली, थोडा वेळ पायडलांकडे बघितलं आणि एका दमात म्हटलं:

"पायानं भरली हवा, बोटानं धरला सूर,
आकारामरावांचं नाव घेते, ऐकू जाऊ दे दूर."

आण्णा खिडकीबाहेर बघत होते. त्यांचे कान मात्र लाल झाले होते.

पुढं सहा महिन्यांनी रेकॉर्ड आली. बंगळूरच्या गृहस्थांचा हात जुळला नव्हता. जयराजनं गावातल्या चौकात उभं राहून पार्सल फोडलं, पुठ्ठ्यावरचं इंग्रजी वाचायला घेतलं आणि मध्येच थांबला. आण्णांनी वाचून दाखवायला सांगितलं. जयराजनं वाचलं: "ऑर्गन, अक्रम पवार."

आण्णा पुठ्ठा काखेत मारून घरी गेले आणि संध्याकाळपर्यंत गोठ्यात बसले. वल्लरीचा फोन आला, ती रडवेली झाली होती. मजकूर परदेशात छापला होता, तिथल्या माणसानं परस्पर स्पेलिंग सुधारलं होतं आणि आता सगळ्या प्रती गेल्या होत्या. आण्णा तिला म्हणाले, सवय आहे, मनाला लावून घेऊ नको. बनुबाईंनी दुसऱ्या दिवशी लुगडं नेसून सांगलीला जायचं म्हणून सांगितलं, कारण रेकॉर्ड वाजवायचं यंत्र फक्त चिंतामणरावांकडे होतं आणि आपले पाय कसे ऐकू येतात ते त्यांना ऐकायचं होतं.

चिंतामणरावांनी सुई टेकवली. वादन आलं, पाटावरचे ठोके आले, भात्याचा बारीक श्वास आला. आण्णा मान खाली घालून ऐकत होते. शेवटचा सूर विरला आणि सुई उचलायला चिंतामणराव पुढे झाले, तोच यंत्रातून बनुबाईंचा आवाज आला. परदेशातल्या त्याच माणसाला मराठीचं अक्षर कळत नव्हतं. उखाणा त्याला गाण्याच्या शेवटच्या ओळी वाटल्या आणि त्यानं त्या आदरानं तशाच ठेवल्या. आकारामरावांचं नाव खणखणीत, एकही अक्षर न चुकता, दिवाणखान्यात उमटलं आणि सुई घासत पुढं गेली.

आण्णांनी डोळे पुसले नाहीत, कारण त्यांच्या लक्षातच आलं नाही. त्यांनी नुसतंच बोट वर केलं आणि चिंतामणरावांना सुई जरा मागं घ्यायला सांगितलं. उखाणा पुन्हा झाला. आण्णांनी पुन्हा बोट वर केलं. पाचव्या खेपेला बनुबाई भिंतीकडे तोंड करून म्हणाल्या, "पुरं करा की आता. किती डाव नाव घ्यायला लावतायसा मला?"