सातवं स्मरणपत्र

डोंबिवलीच्या भाड्याच्या खोलीतला नळ गळायला लागला, तेव्हा सुरेश दळवींनी घरमालकाला लेखी निवेदन दिलं. मालक बरोबर वरच्या मजल्यावर राहायचे. पंधरा दिवसांनी पहिलं स्मरणपत्र गेलं, महिन्याने दुसरं. मधल्या काळात जिन्यात रोज भेट व्हायची, पण नळाबद्दल दळवी चकार शब्द काढत नसत.

"अहो, प्लंबर बोलवा," मी म्हणायचो.

"पायरी चुकवायची नाही."

ठाण्याच्या सरकारी कार्यालयात आमची टेबलं समोरासमोर होती. बदलीचे नियम त्यांना तोंडपाठ. कुणाची बदली अडली की माणूस थेट दळवींकडे यायचा. माने मॅडमची कल्याणला बदली झाली होती, पण साहेब त्यांना कार्यमुक्त करेनात. त्यांच्या जागी माणूस नाही म्हणे. दळवींनी सगळा मसुदा करून दिला. आधी निवेदन, सहा महिने उत्तर आलं नाही तर न्यायाधिकरण. मॅडम गेल्या आणि दुसऱ्याच तारखेला सुटल्या.

दळवींची स्वतःची बदलीही अशीच अडलेली. ऑर्डर कणकवलीची. तिथे जवळच्या गावात त्यांची आई शेजाऱ्यांच्या भरवशावर होती आणि तिला विसर पडत चालला होता. आधी वार विसरली, मग गॅस बंद करायला, मग शेजारणीचं नाव. "मला ओळखतेय तोवर पोचायला हवं," एवढंच दळवी म्हणत, आणि पुढचं स्मरणपत्र लिहायला घेत.

पेढे द्यायला आलेल्या माने मॅडम भडकल्याच. "दळवी, तुमच्याच कागदावर मी सुटले. तुम्ही काय मुहूर्त बघताय?"

"सहा महिने व्हायचेत, मॅडम."

"दोन वर्षं झाली की हो!"

"ती निवेदनाला. शेवटच्या स्मरणपत्राला चारच महिने झालेत. उत्तर द्यायला वेळ नको त्यांना?"

मॅडमनी माझ्याकडे पाहिलं. मी फायलीत मान घातली. उत्तर कधीच येणार नव्हतं, कारण ती पत्रं साहेब उघडतही नसत. मला ते ठाऊक होतं. सांगायला हवं होतं.

सातव्या स्मरणपत्रानंतर दळवी एकदाचे न्यायाधिकरणात गेले. आदेश झाला: चार आठवड्यांत कार्यमुक्त करा. निरोपाचा नारळ हातात घेऊन त्यांनी साहेबांचे मनापासून आभार मानले.

आठवड्याने फोन आला. मी आईची चौकशी केली.

"बरी आहे. खुर्ची दिली मला बसायला. पाहुण्यांची. म्हणाली, 'माझो सुरेश ठाण्याक आसता. तेची बदली झाली काय तो येतलो.'"

"मग तुम्ही?"

"म्हटलं, येतलो. ती रस्त्याकडे बघत बसली. मीही बसलो मग, तिच्या शेजारी."